कोयत्यातली बाई कुणाच्या वहीत?



हा अंक तुमच्या हातात पडेल तोवर बहुतेक साखर कारखान्यांचा पट्टा पडलेला असेल. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीत पत्र्याची पेटी, पाण्याचं पिंप, शेळ्या, कोंबड्या आणि त्यावर बसलेली लेकरं, असा संसार घेऊन टोळ्या गावाकडे परतत असतील. मग मुकादमाबरोबर हिशेब. उचल फिटली, असं या हिशेबात फार थोड्यांना ऐकायला मिळतं. बाकीच्यांच्या नावावर काहीतरी उरतंच, आणि ते फेडायला पुढच्या दसऱ्यानंतर पुन्हा जायचं असतं.

यंदाच्या हंगामात आम्ही काहीजणी एका कारखान्याच्या तळावर गेलो होतो. संध्याकाळची वेळ होती. कोपीसमोर चूल पेटवत बसलेल्या बीडकडच्या एका बाईला मी विचारलं, "मावशी, मुकादमाच्या वहीत तुमचं नाव आहे का?" तिने माझ्याकडे अशा नजरेनं पाहिलं की माझा प्रश्नच चुकला असावा. "माझं कशाला आसंल? कोयता एक, नाव बी एकच. मालकाचं." मग थोड्या वेळानं आपणहून म्हणाली, "खाडा मात्र माझ्या नावाचा बी पडतो बरं का, ताई."

ज्यांना ही भाषा परिचयाची नाही त्यांच्यासाठी सांगते. ऊसतोडीत 'कोयता' म्हणजे नवरा-बायकोची जोडी. उचल जोडीला मिळते, हल्ली ती लाखाच्या घरात जाते. घेतो पुरुष, सहीही तोच करतो. मजुरी टनावर, तीही जोडीची. बाई ऊस तोडते, साळते, मोळ्या बांधते, डोक्यावर घेऊन फळीवरून गाडीत चढवते. परत आल्यावर पाणी, चूल, लेकरं तिचीच. पण कामगार म्हणून ती कोणत्याही कागदावर नाही. तिची नोंद होते ती फक्त ती कामावर आली नाही तर. तोच खाडा. दिवसाला पाचशे रुपये दंड, काही ठिकाणी त्याहून जास्त.

या एका गोष्टीपासून आम्ही हे संपादकीय सुरू करतो आहोत, कारण या अंकाचा विषय आहे न्याय्य व्यापार आणि कंपन्यांचं उत्तरदायित्व. विषय ऐकायला फार मोठा आणि परका वाटतो. जिनिव्हा, ब्रुसेल्स, लंडन अशी नावं त्यात येतात. आपल्या गटांच्या बैठकीत तो निघाला की बायका जांभया देतात, हेही मी पाहिलं आहे. (माझं स्वतःचं तरी काय वेगळं होतं? समाजकार्याच्या पदव्युत्तर अभ्यासात हा पेपर मी पाठांतरावर काढला.) पण त्या तळावर शीतपेयाची एक रिकामी बाटली होती, तिच्यात रॉकेल भरून ठेवलं होतं. बाटलीत आधी जे होतं त्यातली साखर कुठून आली असेल, हा प्रश्न मनातून जाईना.

२०१९ हे साल आठवून पाहा. त्या वर्षी एप्रिलमध्ये बीड जिल्ह्यातल्या गावागावांत गर्भपिशवी काढलेल्या तरुण ऊसतोड बायका किती आहेत, याच्या बातम्या वर्तमानपत्रांत आल्या. विधिमंडळात आवाज उठला. सरकारनं नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली आणि पाहणी झाली. ८२,३०९ ऊसतोड बायकांची पाहणी, त्यापैकी १३,८६१ जणींची गर्भपिशवी काढलेली. म्हणजे दर सहा बायकांमागे एक. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या २०१५-१६ च्या फेरीत १५ ते ४९ वयाच्या भारतीय बायकांत हे प्रमाण ३.२ टक्के होतं. दोन्ही पाहण्यांचे वयोगट अगदी सारखे नाहीत, हे मान्य. तरीही ३ आणि १७ यांतला फरक वयोगटाचा नाही.

तो कशाचा आहे हे बायका सरळ सांगतात. पाळीत मोळ्या वाहायच्या, तळावर ना संडास ना न्हाणी, अंगावरून पांढरं जायला लागतं, ओटीपोट दुखतं, खाडा परवडत नाही. डॉक्टर म्हणतो पिशवी खराब आहे, पुढे कॅन्सर होईल. दोन-तीन मुलं झालेली असतात. मुकादमाकडून आणखी उचल घ्यायची आणि पिशवी काढायची. ऑपरेशनचे पैसेसुद्धा कर्जाच्या खात्यात. मग लवकर येणारी पाळी जाण्याची लक्षणं, कंबरदुखी, हाडं ठिसूळ होणं, आणि तरी तीच मोळी. खाजगी डॉक्टरांचा लोभ यात आहेच. बीडमध्ये नंतर खाजगी दवाखान्यांना अशा शस्त्रक्रियेआधी जिल्हा शल्यचिकित्सकांची परवानगी सक्तीची केली गेली. २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयानंही अनावश्यक गर्भाशय-शस्त्रक्रियांविरुद्धची मार्गदर्शक तत्त्वं राज्यांना लागू करायला सांगितली, आणि त्याच वर्षी मुंबई उच्च न्यायालयानं ऊसतोड कामगारांच्या स्थितीची स्वतःहून दखल घेतली. हे सगळं आवश्यकच होतं. पण डॉक्टरला आवर घातला म्हणून खाडा थांबत नाही. बाईला डॉक्टरच्या दारात नेणारा कामाचा करार जसाच्या तसा राहिला.

त्याच २०१९ साली ऑस्ट्रेलिया, ब्राझील आणि ग्वाटेमाला या तीन देशांनी जिनिव्हाला जागतिक व्यापार संघटनेत भारताविरुद्ध तक्रार केली. तीही साखरेबद्दलच. भारत सरकार ऊस उत्पादकांना नियमांपेक्षा जास्त आधार देतं आणि निर्यातीला अनुदान देतं, त्यामुळे आमच्या साखरेचं नुकसान होतं, असं त्यांचं म्हणणं. पंच मंडळ बसलं, वर्षावर्षांचे आकडे तपासले गेले, डिसेंबर २०२१ मध्ये निकाल भारताविरुद्ध लागला. भारतानं अपील केलं. अपील ऐकणारं मंडळ न्यायाधीशांच्या नेमणुका अडवल्या गेल्यामुळे २०१९ च्या डिसेंबरपासूनच ठप्प आहे, ती कहाणी वेगळी. मुद्दा असा, की किलोमागे किती अनुदान दिलं हे मोजायला जगाकडे न्यायासन आहे. त्याच साखरेसाठी किती गर्भपिशव्या गेल्या, हा प्रश्न तिथं विचारण्याची सोयच नाही.

ही सोय का नाही, याला इतिहास आहे, आणि त्यात आपल्या चळवळीचाही एक धागा आहे. डंकेल प्रस्तावापासून गॅट करारापर्यंत जे वादळ उठलं, त्यात एक प्रश्न 'सामाजिक कलमा'चा होता. व्यापार करारात कामगारांच्या हक्कांची अट घालायची का? युरोप-अमेरिकेतले काही देश आणि तिथल्या कामगार संघटना म्हणत होत्या, घाला. भारत सरकारनं कडाडून विरोध केला, आणि आपल्याकडच्या पुष्कळ कामगार संघटना नि स्त्री संघटनाही त्याच बाजूला होत्या. त्यांचा युक्तिवाद चुकीचा नव्हता. श्रीमंत देश ही अट आपला माल अडवण्यासाठी वापरतील, कारखाना बंद पडेल आणि पहिली घरी बसेल ती बाईच. १९९६ च्या सिंगापूर परिषदेत ठरलं, की कामगार-मानकं हा आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेचा विषय, व्यापार संघटनेचा नाही. मी तेव्हा शाळेत होते. आमच्या ज्येष्ठ मैत्रिणी आजही या प्रश्नावर एकमेकींशी तावातावानं भांडतात, आणि मला वाटतं दोन्ही बाजूंना जे भय होतं ते खरं ठरलं. अट नको म्हटल्यामुळे बाजार मोकळा सुटला. आणि जिथं अटी आल्या तिथं त्या कंपन्यांनी स्वतःच लिहिल्या, स्वतःच तपासल्या.

मार्च २०२४ मध्ये न्यूयॉर्क टाइम्स आणि फुलर प्रोजेक्ट यांनी महाराष्ट्रातल्या ऊसतोडीवर मोठा शोधवृत्तांत छापला. कर्ज, बालविवाह, गर्भपिशव्या, आपण जे वर्षानुवर्षं बोलत आलो तेच सगळं. नवं होतं ते एवढंच, की त्यांनी ही साखर कोका-कोला आणि पेप्सीको या कंपन्यांच्या पुरवठ्यापर्यंत नेऊन भिडवली. या दोन्ही कंपन्यांच्या पुरवठादारांसाठीच्या आचारसंहितेत वेठबिगारीला मनाई आहे. बालमजुरीला मनाई आहे. ऊस आणि साखरेसाठी बॉन्सुक्रो नावाची आंतरराष्ट्रीय प्रमाणपत्र-व्यवस्थाही आहे. कागद भरपूर आहेत.

आता त्या कागदाची वाट उलटी चालत या. कंपनी म्हणते, आम्ही साखर घेतो, ऊस नाही. कारखाना म्हणतो, तोडणी कामगार आमचे नाहीत, आमचा करार वाहतूकदाराशी आणि मुकादमाशी. मुकादम म्हणतो, मी दलाल, मालक नव्हे, माझ्याच डोक्यावर कर्ज. शेतकरी म्हणतो, तोडणी-वाहतूक माझ्या बिलातून कापून घेतात, मला विचारतो कोण? आणि शेवटी टोळीतला नवरा. त्याचा अंगठा कागदावर आहे. त्याच्या मागे ती उभी आहे, तिचा तोही नाही. कंपन्या ज्याला 'मानवी हक्कांची पडताळणी' म्हणतात ती कागदापासून सुरू होते आणि कागदावरच संपते. तपासनीस येतो, कारखान्याची यंत्रं बघतो, हजेरीपट बघतो, हेल्मेट आहे का बघतो. हजेरीपटावर जी नाही ती त्याला दिसणार कशी? उद्या जगातला सर्वांत कडक कायदा आला तरी दिसणार नाही.

प्रमाणपत्राची किंमत किती, हे सांगायला एकच उदाहरण पुरे. सप्टेंबर २०१२ मध्ये कराचीच्या बल्दिया भागात कपड्याच्या कारखान्याला आग लागून अडीचशेहून अधिक कामगार मेले. खिडक्यांना गज, बाहेर पडायच्या वाटा बंद. काही आठवड्यांपूर्वीच त्या कारखान्याला सामाजिक जबाबदारीचं एसए ८००० हे प्रमाणपत्र मिळालं होतं.

'न्याय्य व्यापार' या कल्पनेकडेही मला जरा वेगळ्या डोळ्यांनी बघावंसं वाटतं. १९८८ साली हॉलंडमध्ये मॅक्स हॅवेलार नावाचा शिक्का कॉफीच्या पाकिटावर आला, मेक्सिकोच्या छोट्या कॉफी-शेतकऱ्यांना बरा भाव मिळावा म्हणून. चांगलीच गोष्ट होती. पण त्या कल्पनेच्या मध्यभागी जमिनीचा छोटा मालक आहे. आपल्या उसात शेतकऱ्याला निदान 'एफआरपी' आहे, केंद्र सरकार दरवर्षी ती जाहीर करतं. त्यासाठी आंदोलनं होतात, रस्ते अडतात, मंत्री बोलणी करायला येतात. तोडणीचे पैसे मात्र त्याच भावातून वजा होतात. त्यामुळे तोडणीचा दर वाढला की शेतकऱ्याला वाटतं आपलं गेलं. दोन गरजवंतांना एकाच ताटावर बसवून घास मोजायला लावायचं, आणि वाढणारा मात्र आत स्वयंपाकघरात!

मग कंपनीनं नक्की काय करावं? इथं एक प्रसंग सांगते. काही वर्षांपूर्वी एका मोठ्या कंपनीच्या 'सीएसआर' विभागाचे अधिकारी आमच्या कार्यालयात आले होते. माणूस सज्जन होता. ऊसतोड बायकांसाठी आरोग्य शिबिर घेऊ, पॅड वाटू, फिरतं शौचालय देऊ, म्हणाले. मी म्हटलं, साहेब, खाड्याचा दंड बंद करण्याची अट तुम्ही कारखान्याला घालू शकाल का? ते हसले. "मॅडम, ते आमच्या खात्यात येत नाही. ते खरेदी विभागाचं." शिबिर आम्ही घेतलं, नाही असं नाही. बायकांना गोळ्या मिळाल्या. पण तो माणूस नकळत फार नेमकं बोलून गेला. २०१३ च्या कंपनी कायद्यानं मोठ्या कंपन्यांना नफ्याचे दोन टक्के समाजकार्यासाठी काढायला लावले. आपल्या किती संस्था आज त्यावर चालतात, हे आपण जाणतोच. दोन टक्क्यांबद्दल बोलायला आपल्याला आत बोलावतात. उरलेल्या अठ्ठ्याण्णव टक्क्यांचा व्यवहार, म्हणजे कच्चा माल कोणत्या भावानं, कोणत्या अटीवर घेतला, तो खरेदी विभागात होतो. उत्तरदायित्व म्हणायचं ते त्या खोलीत. आणि तिथं आपल्याला खुर्ची नाही.

ती खुर्ची मिळवलेल्या बायका आहेत, माणसंही आहेत. अमेरिकेत फ्लोरिडा राज्यात इमोकली नावाचं गाव आहे. तिथं टोमॅटो तोडणारे मजूर बहुतेक मेक्सिको, ग्वाटेमाला, हैतीहून आलेले. बादलीवर मजुरी, मुकादम तसाच, शेतात बायकांची छेडछाड तशीच. काही टोळ्यांत तर अक्षरशः गुलामी होती, मालकांना तुरुंगवास झाला. या मजुरांनी ओळखलं, की मुकादमाशी आणि शेतमालकाशी भांडून थोडंच मिळतं, कारण भाव ठरवणारे वर बसलेत. त्यांनी २००१ मध्ये टॅको बेल या खाद्यपदार्थांच्या साखळीवर बहिष्कार पुकारला. चार वर्षं चालवला. २००५ मध्ये त्या कंपनीनं मान्य केलं, की पौंडामागे एक सेंट जास्त देऊ आणि तो थेट मजुराच्या हातात जाईल. मग एकेक कंपनी आली, मॅकडोनाल्ड्स आली, २०१४ मध्ये वॉलमार्टही आली. या करारांत नुसता सेंट नाही. मजुरांनीच लिहिलेले नियम आहेत, चोवीस तास तक्रारीचा फोन आहे, कामाच्या वेळेत मजूरच मजुरांना हक्क समजावतात. आणि ज्या शेतावर लैंगिक छळ किंवा वेठबिगारी सिद्ध होईल आणि सुधारणा होणार नाही, तिथला टोमॅटो या कंपन्यांनी घ्यायचा नाही. कंपनीच्या चांगुलपणावर काही सोडलेलं नाही, लेखी करार आहे.

इतकं लांब जायला नको. तामिळनाडूत दिंडीगुलला एका कपड्याच्या कारखान्यातल्या तरुण दलित कामगार बाईचा जानेवारी २०२१ मध्ये खून झाला. तिच्या पर्यवेक्षकाला अटक झाली. तो तिला कितीतरी दिवस त्रास देत होता, हे सगळ्या कारखान्याला माहीत होतं. परदेशी कंपन्यांचे कपडे तिथं शिवले जात, म्हणजे आचारसंहिता तिथंही होत्याच. बायकांच्या नेतृत्वाखालची, बहुसंख्य दलित बायकांची टीटीसीयू ही कामगार संघटना तिच्या कुटुंबामागे उभी राहिली आणि वर्षभराच्या लढ्यानंतर एप्रिल २०२२ मध्ये दिंडीगुल करार झाला. मालक कंपनीशी एक आणि एच अँड एम, गॅप, पीव्हीएच या खरेदीदारांशी वेगळे करार. कामगार बायकांमधूनच प्रशिक्षित देखरेखी नेमल्या, साधारण दर २५ जणींमागे एक. मालकानं करार मोडला तर खरेदीदारानं धंद्यावर परिणाम होईल अशी कारवाई केलीच पाहिजे, हे बंधन. लिंगावर आधारित आणि जातीवर आधारित छळ दोन्हींची नावं त्यात घेतली आहेत. मला हे वाचून आनंद झाला आणि थोडी लाजही वाटली. महाराष्ट्रात संघटना, संस्था, परिषदा, अहवाल यांची एवढी रेलचेल असताना आपण असा एकही कागद लिहवून घेतलेला नाही.

कुणी म्हणेल, कारखान्याला एक फाटक असतं, उसाच्या फडाला कुठे? टोळ्या पांगलेल्या, हंगाम सहा महिन्यांचा, सहकारी कारखान्याच्या गादीवर आमदार-खासदार. हे सगळं खरं आहे. पण टोमॅटोच्या शेताला तरी कुठे फाटक होतं? शिवाय हिशेब करून बघा. गटात बसून फळ्यावर करा, बायकांना फार आवडतो हा हिशेब.

एक टन उसातून साधारण शंभर किलो साखर निघते. जानेवारी २०२४ मध्ये संप आणि वाटाघाटींनंतर तोडणीचा दर ३४ टक्क्यांनी वाढला, तो टनाला सुमारे ३६६ रुपये झाला. जोडीनं दिवसाला दोन टन तोडले तर ७३२ रुपये. दोघांचे, पहाटेपासून रात्रीपर्यंतचे. आता साखर विकत घेणाऱ्या कंपनीनं किलोमागे एक रुपया तोडणीसाठी जास्त मोजला, तर टनाला शंभर रुपये होतात, म्हणजे मजुरीत चौथाईहून जास्त वाढ. आणि कंपनीला त्याचा भार किती? शीतपेयाच्या ३३० मिलिलिटरच्या डब्यात साधारण ३५ ग्रॅम साखर असते. एका किलोत अठ्ठावीस डबे. डब्यामागे साडेतीन पैसे! आमच्या बैठकीत हा आकडा आला तेव्हा एक बाई म्हणाली, "साडेतीन पैशाचं नाणंच नाही, म्हणून देत नसतील."

बाहेरच्या कायद्यांकडे डोळे लावून बसण्यात अर्थ नाही, हेही सांगायला हवं. संयुक्त राष्ट्रांनी बहुराष्ट्रीय कंपन्यांसाठी आचारसंहिता करायचा प्रयत्न सत्तरच्या दशकात सुरू केला आणि १९९२ मध्ये सोडून दिला. २०११ ची मार्गदर्शक तत्त्वं आली ती ऐच्छिक. बंधनकारक करारासाठी २०१४ मध्ये गट नेमला गेला, पण वर्षामागून वर्षं बैठकाच झाल्या. युरोपीय संघानं २०२४ मध्ये पुरवठा-साखळीच्या जबाबदारीचा कायदा केला आणि वर्षाच्या आतच कंपन्यांच्या दबावापुढे त्याची तारीख पुढे ढकलली. २०१९ चा आंतरराष्ट्रीय कामगार संघटनेचा १९० क्रमांकाचा ठराव, कामाच्या जागी होणाऱ्या हिंसेविरुद्धचा, आपल्याला फार उपयोगाचा. त्यात अनौपचारिक कामही येतं. तो भारतानं मान्य करावा ही मागणी आपण लावून धरलीच पाहिजे. पण दिल्ली, ब्रुसेल्स, जिनिव्हाची वाट बघत बसलो तर आणखी दहा हंगाम जातील.

म्हणून आमच्या गटानं यंदा एक छोटं काम हाती घेतलं आहे. पावसाळा लागला की मुकादम उचल वाटायला गावात येतात, तेव्हाच कागद होतात. त्याआधी ज्या गावांत आपले गट आहेत तिथं प्रत्येक टोळीची आपली यादी करायची. जोडीची नव्हे, माणसागणिक. बाईचं नाव वेगळं, वय वेगळं, उचल किती आणि तिला सांगितली का, हे तिच्याकडूनच विचारून लिहायचं. ऊसतोड कामगार महामंडळाच्या ओळखपत्रासाठी तिचा स्वतंत्र अर्ज ग्रामसेवकाकडे द्यायचा आणि पोच घ्यायची. मुकादमाच्या करारात चार ओळी घालायचा आग्रह धरायचा: बाईची सही, मजुरीचा निम्मा हिस्सा तिच्या खात्यात, पाळीच्या, बाळंतपणाच्या आणि आजारपणाच्या खाड्याला दंड नाही, तळावर पाणी आणि संडास. मुकादम नाही म्हणेल. पहिल्या वर्षी बहुतेक सगळेच नाही म्हणतील, आणि नवरे आपल्यावर चिडतील, तीही तयारी ठेवा. पण हीच यादी घेऊन पुढे कारखान्याकडे आणि त्याची साखर घेणाऱ्या कंपनीच्या खरेदी विभागाकडे जायचं आहे.

चार ओळींचा मसुदा या अंकात छापला आहे. भाषा आम्ही शहरात बसून लिहिली आहे, तेव्हा ती गटात मोठ्यानं वाचा, बायकांना जिथं अडेल तिथं खोडा, आणि आषाढ लागायच्या आत आमच्याकडे परत पाठवा.